सुनावणीचे ऋण

निर्णय देणाऱ्याने निर्णयापूर्वी दोन्ही बाजू ऐकून घ्याव्यात, हे तत्त्व न्यायाच्या कल्पनेत इतके खोल रुजलेले आहे की ते नाकारणाऱ्या व्यवस्थेला न्यायव्यवस्था म्हणणेच अवघड जाते; आणि तरीही मानवी व्यवहारात असे काही प्रसंग येतात की ज्यांत दुसरी बाजू ऐकेपर्यंत थांबणे हाच पहिल्या बाजूवरचा अन्याय ठरतो. घरात होणारी हिंसा हा अशा प्रसंगांपैकी सर्वांत बिकट प्रसंग होय. मारहाण सोसलेली स्त्री संरक्षणासाठी न्यायालयात येते, तेव्हा होऊन गेलेल्या अपराधाची शिक्षा व्हावी एवढेच तिचे मागणे नसते. त्याच रात्री त्याच घरात परतावे लागणार आहे, आणि तेथे काय होईल याची शाश्वती नाही, ही तिची तातडीची अडचण असते. अशा वेळी न्यायालयाने समोरच्या व्यक्तीवर तिचे म्हणणे न ऐकताच बंधन घातले, तर तो आदेश न्याय्य कसा ठरतो, आणि ठरत असेल तर कोणत्या अटींवर ठरतो, हा प्रश्न कायद्याचा आहे तितकाच नीतिशास्त्राचा आणि धर्मविचाराचाही आहे. या प्रश्नाचे उत्तर असे देता येईल की संकटाच्या प्रसंगी सुनावणीचा क्रम बदलू शकतो, परंतु सुनावणीचा हक्क बुडू शकत नाही. न ऐकता दिलेला आदेश हे पुढे व्हावयाच्या सुनावणीच्या भरवशावर काढलेले ऋण असते, आणि ते वेळेत फेडले गेले तरच त्या आदेशाला नैतिक आधार उरतो.

भारतात या विषयाचा मुख्य कायदा म्हणजे ‘कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, 2005’. तो 26 ऑक्टोबर 2006 पासून अमलात आला. या कायद्याने हिंसाचाराच्या व्याख्येत शारीरिक मारहाणीबरोबरच लैंगिक, शाब्दिक, भावनिक आणि आर्थिक छळाचाही समावेश केला, आणि न्यायदंडाधिकाऱ्याला, म्हणजे एरवी फौजदारी खटले चालवणाऱ्या प्राथमिक न्यायालयाला, दिवाणी स्वरूपाचे उपाय देण्याचा अधिकार दिला. संरक्षण आदेश, घरात राहण्याच्या हक्काचा निवास आदेश, खर्चाची रक्कम, मुलांचा तात्पुरता ताबा आणि नुकसानभरपाई हे ते उपाय होत. मागणी करणाऱ्या स्त्रीला कायदा ‘व्यथित व्यक्ती’ म्हणतो, तर ज्याच्याविरुद्ध मागणी केली जाते त्याला न्यायालयीन व्यवहारात ‘गैरअर्जदार’ किंवा ‘सामनेवाला’ म्हटले जाते. कलम 18 नुसार संरक्षण आदेश देण्यापूर्वी दोघांनाही म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते आणि हिंसाचार झाला आहे किंवा होण्याचा संभव आहे असे न्यायालयाला प्रथमदर्शनी, म्हणजे सखोल पुराव्यात न शिरता समोरच्या कागदपत्रांवरून, वाटावे लागते. कलम 23 मात्र याला अपवाद करते: स्त्रीच्या शपथपत्रावरून हिंसाचार दिसून येत असेल, तर न्यायालय सामनेवाल्याला न ऐकताही आदेश देऊ शकते. यालाच ‘एकतर्फी आदेश’ म्हणतात. अशा अंतरिम संरक्षण आदेशाचा भंगदेखील कलम 31 खाली दखलपात्र व अजामीनपात्र गुन्हा असून त्याला एक वर्षापर्यंत कैद, वीस हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. म्हणजेच ज्याचे म्हणणे कोणी ऐकलेले नाही अशा माणसाला, न ऐकता दिलेल्या त्या आदेशापोटी, तुरुंगाचे दार दिसू शकते. प्रश्नाची धार येथे आहे.

एकतर्फी आदेशाची गरज का पडते, हे नीट समजून घेतल्याशिवाय त्याची योग्यता ठरवता येत नाही. इतर बहुतेक दाव्यांत नोटीस ही केवळ माहिती असते. या प्रकरणांत ती धोका निर्माण करणारी घटना असू शकते. तक्रार झाल्याचे कळल्यावर सामनेवाल्याच्या हाती सुनावणीच्या दिवसापर्यंतचा जो अवधी येतो, त्यात दागिने आणि कागदपत्रे नाहीशी करता येतात, घराचे कुलूप बदलता येते, मुलांना दुसऱ्या गावी पाठवता येते, आणि तक्रार मागे घ्यावी म्हणून मारहाणही करता येते. दोघे एकाच छताखाली राहत असतील तर नोटीस हाती पडण्याचा क्षण आणि धोक्याचा क्षण यांत अंतर राहत नाही. म्हणून नोटीस आधी आणि संरक्षण नंतर असा क्रम काही प्रकरणांत संरक्षणच निरर्थक करून टाकतो, ही एकतर्फी आदेशामागची वाजवी भूमिका आहे.

परंतु एवढ्याने सुनावणीचे महत्त्व कमी होत नाही. ते महत्त्व नेमके कशात आहे, हे मात्र तपासावे लागते. सामान्यतः असे सांगितले जाते की दोन्ही बाजू ऐकल्याने सत्य कळते आणि चूक टळते. हे उत्तर खरे असले तरी अपुरे आहे, कारण ज्या न्यायाधीशाला सत्य आधीच ठाऊक आहे त्याने ऐकण्याचे कारण काय, या प्रश्नाला ते उत्तर देत नाही. इंग्लंडमध्ये 1723 साली केंब्रिज विद्यापीठाने रिचर्ड बेंटली या विद्वानाच्या पदव्या त्याला न ऐकता काढून घेतल्याचे प्रकरण राजाच्या न्यायालयापुढे आले, तेव्हा न्यायमूर्ती फोर्टेस्क्यू यांनी बायबलमधील आदामाच्या कथेचा दाखला दिला: प्रत्यक्ष परमेश्वरानेही आदामाला शिक्षा सुनावण्यापूर्वी हाक मारून त्याचे म्हणणे विचारले होते. या दाखल्यातील तात्त्विक मर्म असे आहे की सर्वज्ञ परमेश्वराला माहितीची गरज नव्हती, आदाम कोठे लपला आहे आणि त्याने काय केले आहे हे त्याला ठाऊकच होते, तरीही त्याने विचारले. अर्थात ते विचारणे माहिती मिळवण्यासाठी नव्हते. समोरच्याला स्वतःच्या कृतीचा जबाब देऊ शकणारी नैतिक व्यक्ती म्हणून वागवण्यासाठी होते. ऐकून घेणे हा केवळ सत्यशोधनाचा मार्ग नाही, तर माणूसपणाची दखल आहे, हा विचार त्या कथेतून निघतो.

भारतीय न्यायविचारात हीच गोष्ट मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्या रहिवाशांच्या 1985 च्या प्रसिद्ध निकालात स्पष्ट झाली. मुंबई महानगरपालिका अधिनियमाचे कलम 314 आयुक्ताला सूचना न देताही अतिक्रमण हटवण्याचा अधिकार देते. सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या न्यायपीठाने ठरवले की हा अधिकार आहे, सक्ती नव्हे. सूचना देऊन ऐकून घेणे हा नियम आणि न ऐकणे हा अपवाद मानूनच तो वापरला पाहिजे. ऐकून घेतले तरी निष्पत्ती तीच असती, हा युक्तिवाद न्यायालयाने मान्य केला नाही. आपल्याविषयी निर्णय घेतला जात असताना बोलता येणे आणि निर्णयाचे कारण कळणे यांना स्वतःचे असे मूल्य आहे, परिणाम काहीही होवो, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. त्या प्रकरणात रहिवाशांचे घर वाचवणारा अंतिम निकाल लागला नाही, पावसाळा संपेपर्यंतची मुदत तेवढी मिळाली. तरी सुनावणीचे तत्त्व त्या निकालाने पक्के केले. कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यातील कलम 23 ची रचना याच धाटणीची आहे: तेही न्यायालयाला एकतर्फी आदेश देऊ देते, द्यायला लावत नाही. म्हणून तो अधिकार वापरताना प्रत्येक प्रकरणात ‘थांबल्याने नेमके काय बिघडेल’ या प्रश्नाचे उत्तर आदेशात दिसले पाहिजे.

हा विचार केवळ पाश्चात्त्य विधीपरंपरेतून आलेला आहे, असे समजणे चुकीचे ठरेल. धर्मशास्त्रातील ‘व्यवहार’ म्हणजे न्यायालयीन कार्यवाहीचे शास्त्र; याज्ञवल्क्यस्मृतीने या व्यवहाराचे चार पाद सांगितले आहेत: फिर्यादीचे कथन, प्रतिवादीचे उत्तर, पुरावा आणि निर्णय. यांतील दुसरा पाद गाळून चौथ्यावर जाता येत नाही, हे या रचनेतच गृहीत आहे. फिर्याद प्रतिवादीच्या समक्ष लिहून घ्यावी आणि तीत वर्ष, महिना, पक्ष, दिवस व नावे नमूद असावीत, असेही तेथे सांगितले आहे. कारण ज्या आरोपाला तारीख नाही आणि तपशील नाही, त्याला उत्तर देणे कोणालाही शक्य नसते. कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याखालील 2006 च्या नियमांतील ‘घरगुती घटना अहवाला’चा छापील नमुना पाहिला तर हाच विवेक वेगळ्या वेषात आढळतो. घटना कधी घडली, कोठे घडली, कोणी केली हे विचारणारे रकाने त्यात आहेत, आणि मारहाणीबरोबरच चारित्र्यावर संशय घेणे, मुलगा झाला नाही म्हणून हिणवणे, नोकरी करू न देणे, खाण्यापिण्यासाठी व औषधासाठी पैसे न देणे, घराबाहेर काढणे असे प्रकारही स्वतंत्रपणे नोंदवायचे असतात. हा अहवाल काळजीपूर्वक भरला गेला, तर त्याने स्त्रीचे म्हणणे बळकट होते आणि सामनेवाल्याला नेमके कशाचे उत्तर द्यायचे हेही कळते; तो घाईघाईने, मोघम भरला गेला, तर दोघांचेही नुकसान होते.

तातडीच्या प्रसंगांचा विचारही या शास्त्राने केला होता. एरवी उत्तरासाठी प्रतिवादीला मुदत देता येई. परंतु बळजबरी, चोरी, मारहाण व शिवीगाळ, प्राणसंकट आणि स्त्रीविषयक वाद यांत प्रतिवादीने तत्काळ उत्तर दिले पाहिजे, असा याज्ञवल्क्याचा नियम आहे. संकटात उत्तराची मुदत आटते, उत्तर मात्र शिल्लक राहते, असा या नियमाचा आशय आहे. नारदस्मृतीत ‘आसेध’ नावाचा उपाय सांगितला आहे. प्रतिवादी न्यायसभेपुढे येईपर्यंत त्याच्यावर घालावयाचे हे तात्पुरते बंधन असून ते स्थानाचे, काळाचे, प्रवासाचे आणि विशिष्ट कृत्याचे असे चार प्रकारचे असे. ‘या घरात पाऊल टाकू नये’ किंवा ‘ही वस्तू विकू नये’ या आजच्या अंतरिम आदेशांशी त्याचे नाते उघड आहे. महत्त्वाची गोष्ट अशी की आसेध मोडणारा जसा दंडाला पात्र होता, तसा अनुचित आसेध घालणाराही दंडाला पात्र होता. सुनावणीपूर्वीचे बंधन आवश्यक असू शकते, पण ते घालणाऱ्यावरही उत्तरदायित्व असते, ही जाणीव त्यात आहे. पुढे मराठेशाहीतील गोतसभांच्या महजरांतही, म्हणजे सभेत झालेल्या निवाड्याच्या साक्षांकित कागदांतही, अग्रवादी आणि पश्चिमवादी अशा दोन्ही पक्षांचे करीने, म्हणजे हकिकतीची कथने, आणि निवाडा मान्य करण्याविषयीचे त्यांचे राजीनामे नोंदलेले दिसतात. दुसऱ्याचे कथन कागदावर आल्याखेरीज निवाड्याला वजन येत नसे.

मात्र या परंपरेचा गौरव करून थांबणे अप्रामाणिकपणाचे होईल, कारण ज्या शास्त्राने सुनावणीचे इतके रेखीव नियम घालून दिले त्याच शास्त्राने घरातील स्त्रीसाठी सुनावणीचे दार जवळजवळ बंद ठेवले होते. गुरू आणि शिष्य, पिता आणि पुत्र, पती आणि पत्नी, स्वामी आणि सेवक यांच्यातील परस्पर वाद व्यवहाराला पात्र नाहीत, असे एक स्मृतिवचन आहे. मिताक्षरा या टीकाग्रंथात विज्ञानेश्वराने या वचनाचा अर्थ आवळून घेतला आहे. असे वाद मुळीच चालवू नयेत असा त्याचा अर्थ नाही, स्त्रीधन बळकावणाऱ्या पतीसारख्या प्रकरणांत व्यवहार चालू शकतो, असे त्याचे म्हणणे. तरीही मूळ वचनातील चारही जोड्या पाहिल्या तर त्यांतील साम्य लपत नाही: प्रत्येक जोडीत एक वरचा आहे आणि एक त्याच्या अधीन आहे. जेथे सत्ता सर्वांत विषम होती, तेथेच सभेचे दार मिटलेले होते. म्हणून कौटुंबिक हिंसाचाराच्या संदर्भात ‘कोणाला ऐकले गेले नाही’ हा प्रश्न विचारायचा असेल, तर त्याची सुरुवात एकतर्फी आदेशाने बांधल्या गेलेल्या पुरुषापासून करता येत नाही. ‘घरातली गोष्ट घरातच राहू द्या’ असे ऐकून शतकानुशतके परत पाठवल्या गेलेल्या स्त्रीपासूनच ती करावी लागते. 2005 चा कायदा हा प्रथमतः तिच्या सुनावणीचा कायदा आहे.

या ऐतिहासिक पार्श्वभूमीवर कलम 32 मधील तरतुदीचे मर्म कळते. आदेशभंगाचा गुन्हा केवळ व्यथित स्त्रीच्या एकटीच्या साक्षीवरूनही सिद्ध झाल्याचे न्यायालय मानू शकते, असे ते कलम सांगते. हे विशेष झुकते माप आहे असे अनेकांना वाटते. परंतु चार लोकांसमोर न घडणाऱ्या कृत्याला चार साक्षीदार मागणे म्हणजे ते कृत्य कायमचे सिद्ध होऊ न देणे होय. याज्ञवल्क्यानेही एरवी किमान तीन साक्षीदारांचा नियम घालून, मारहाण आणि बळजबरीच्या प्रकरणांत साक्षीदाराच्या पात्रतेचे निर्बंध सैल केले होते, यामागची अडचण तीच होती. ब्रिटिश तत्त्वज्ञ मिरांडा फ्रिकर यांनी 2007 मध्ये ज्ञानविषयक अन्यायाची जी मांडणी केली, तिच्यात वक्त्याच्या वर्णामुळे किंवा स्त्री असण्यामुळे त्याच्या बोलण्याला कमी विश्वास मिळणे हा एक स्वतंत्र अन्याय मानला आहे. न्यायालयात बोलू देणे आणि बोललेले विश्वासार्हतेच्या समान तराजूत तोलणे या दोन्ही गोष्टी मिळून सुनावणी होते. मात्र साक्ष एकटीची चालते याचा अर्थ ती तपासावी लागत नाही असा होत नाही. कायदा ‘मानू शकते’ म्हणतो, ‘मानलेच पाहिजे’ असे म्हणत नाही, आणि या दोहोंच्या मधल्या जागेतच सामनेवाल्याचा उलटतपासणीचा हक्क उभा असतो.

आता दोन्ही बाजूंचे हक्क एकमेकांशी कसे जुळवायचे, हा प्रश्न उरतो. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1976 मध्ये कोणत्या प्रसंगी किती सुनावणी हवी हे ठरवण्यासाठी तीन गोष्टींचा विचार सांगितला: व्यक्तीचे जे हिरावले जाते त्याचे महत्त्व, चालू पद्धतीत चूक होण्याचा संभव व अधिक सुनावणीने ती टळण्याची शक्यता, आणि सार्वजनिक हिताची निकड. हा विचार भारतीय कायद्यातील उपायांना लावला तर एक उपयुक्त भेद हाती येतो. ‘तिला मारू नये, धमकावू नये, तिच्या कामाच्या ठिकाणी जाऊ नये’ या आदेशाने प्रामाणिक माणसाचे जवळजवळ काहीच जात नाही, कारण मारण्याचा हक्क कोणालाच नसतो. येथे न ऐकता आदेश देण्यातील चूक सौम्य आणि न देण्यातील चूक भयंकर असते. ‘घर सोडून जावे’ या आदेशाने माणसाचे छप्पर जाते. येथे निकड तितकीच असू शकते, पण चुकीची किंमतही मोठी असते, म्हणून सुनावणी थोड्याच दिवसांत झाली पाहिजे. मुलांचा ताबा आणि मोठी नुकसानभरपाई यांत तर दोन्ही पक्षांचा पुरावा पाहिल्याखेरीज पुढे जाणे क्वचितच समर्थनीय ठरेल. आदेशाने जितके काढून घेतले जाते तितकी आधीची सुनावणी भक्कम हवी, हे सूत्र कायद्याच्या शब्दांत लिहिलेले नसले तरी त्याच्या रचनेशी सुसंगत आहे, आणि न्यायदंडाधिकाऱ्याने एकाच अर्जातील वेगवेगळ्या मागण्यांना वेगवेगळे निकष लावावेत असे ते सुचवते.

एकतर्फी आदेश ऋण असेल, तर ते फेडण्याची व्यवस्थाही हवी. कायद्यात तिची रूपरेषा आहे. अर्ज आल्यापासून पहिली तारीख साधारणतः तीन दिवसांच्या आत ठेवावी, या कायद्याखाली नेमलेल्या संरक्षण अधिकाऱ्याने नोटीस दोन दिवसांत किंवा न्यायालय देईल त्या वाजवी मुदतीत बजावावी, पहिल्या सुनावणीपासून 60 दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, आदेशाची प्रत पक्षकारांना विनामूल्य द्यावी, आणि आदेश हाती पडल्यापासून 30 दिवसांत सत्र न्यायालयात अपील करता यावे, असे ते सांगते. तरीही एक उणीव राहते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 खाली न ऐकता मनाई हुकूम द्यायचा झाल्यास न्यायालयाला कारणे नोंदवावी लागतात आणि तो अर्ज 30 दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा लागतो. कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यात एकतर्फी आदेशासाठी अशी वेगळी मुदत लिहिलेली नाही. कलम 25 खाली आदेशात बदल मागता येतो, पण परिस्थितीत बदल झाला असेल तरच, आणि तो बदल आदेशानंतरचा असला पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये स्पष्ट केले आहे. ज्याचे म्हणणे ‘परिस्थिती बदलली’ असे नसून ‘मूळ कथनच खरे नाही’ असे आहे, त्याला हा मार्ग उपयोगाचा नाही. त्याची जागा अंतरिम अर्जावरील उत्तर आणि अपील हीच. म्हणून एकतर्फी आदेशातच पुढची जवळची तारीख, आदेशाची कारणे आणि उत्तर कसे दाखल करायचे हे सामनेवाल्याला समजेल अशा भाषेत लिहिणे, हा त्या आदेशाच्या न्याय्यतेचा गाभा आहे.

याची दुसरी बाजू तितक्याच ठामपणे सांगावी लागते: सुनावणीचा हक्क म्हणजे विलंबाचा हक्क नव्हे. न्यायालयांच्या आवारात वावरणाऱ्यांना हे चित्र परिचित असते. नोटिशीचे पाकीट घेण्यास नकार दिला जातो, पत्ता चुकीचा असल्याचे सांगितले जाते, वकीलपत्र दाखल होते पण कैफियत म्हणजे लेखी उत्तर येत नाही, पगाराची माहिती लपवली जाते, आणि तारखेमागून तारीख पडत जाते. दरम्यान खर्चाची रक्कम न मिळाल्याने स्त्रीच थकून अर्ज सोडून देते. अशा वेळी न ऐकले गेल्याचा अन्याय तिच्यावर होत असतो, कारण ज्या सुनावणीत निर्णयच येत नाही ती सुनावणी नव्हे. नागपूरच्या एका पोटगीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2020 मध्ये जे निर्देश दिले ते यादृष्टीने मोलाचे आहेत: दोन्ही पक्षांनी मालमत्ता व देण्यांचे शपथपत्र द्यावे, उत्तरासाठी कमाल चार आठवडे मिळावेत, दोनपेक्षा अधिक संधी देऊ नयेत, आणि जाणूनबुजून टाळाटाळ झाल्यास बचाव काढून टाकण्याचाही विचार व्हावा. संधी खरी असली पाहिजे आणि ती मर्यादितही असली पाहिजे. या दोन्ही गोष्टी एकाच न्यायबुद्धीतून येतात.

सुनावणीत काय ऐकायचे आणि काय ऐकायचे नाही, यालाही मर्यादा आहेत. प्राचीन व्यवहारशास्त्राने उत्तराचे चार प्रकार सांगितले: आरोप नाकारणे, तो कबूल करणे, कबूल करून त्यामागचे कारण सांगणे, आणि हा वाद पूर्वीच निकाली निघाला आहे असे दाखवणे. कौटुंबिक हिंसाचाराच्या 2006 च्या नियमांत समुपदेशनाविषयी अशी तरतूद आहे की सामनेवाल्याला तेथे हिंसेचे समर्थन करता येणार नाही, आणि ही गोष्ट त्याला कार्यवाही सुरू होण्यापूर्वीच सांगितली पाहिजे. ‘मारले नाही’ हे उत्तर ऐकून घ्यावेच लागते. ‘मारले, पण तिने उलट उत्तर दिले म्हणून मारले’ हे कारण समुपदेशनाच्या टेबलावर ठेवता येत नाही. नकार हा सत्याविषयीचा वाद आहे, तर समर्थन हा हिंसेच्या अधिकाराविषयीचा दावा आहे, आणि त्या अधिकाराला आधुनिक न्याय मान्यताच देत नाही. ऐकून घेणे म्हणजे प्रत्येक म्हणणे ग्राह्य धरणे नव्हे, हा विवेक या नियमात दिसतो.

सामनेवाला म्हणजे नेहमीच बलवान पती, हे गृहीतकही आता अपुरे पडते. मुंबईतील एका कुटुंबाच्या प्रकरणात, जेथे आई आणि मुलीने मुलगा, सून व इतर नातेवाइकांविरुद्ध तक्रार केली होती, सर्वोच्च न्यायालयाने 2016 मध्ये सामनेवाल्याच्या व्याख्येतील ‘प्रौढ पुरुष’ हे शब्द घटनाबाह्य ठरवून वगळले. त्यामुळे सासू, नणंद किंवा सून याही सामनेवाल्या होऊ शकतात. कलम 19 मात्र कोणत्याही स्त्रीला घराबाहेर जाण्याचा आदेश देऊ देत नाही. 2020 मध्ये दोन महिन्यांच्या अंतराने आलेले सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल या गुंतागुंतीची दोन टोके दाखवतात. ऑक्टोबरमध्ये न्यायालयाने सासऱ्याच्या मालकीच्या घरातही सुनेला राहण्याचा हक्क असू शकतो असे सांगितले, आणि त्याच वेळी वृद्ध सासू-सासऱ्यांच्या तुलनेत तो हक्क अबाधित नाही, दोघांच्याही हिताचा मेळ घातला पाहिजे, असे बजावले. डिसेंबरमध्ये ज्येष्ठ नागरिकांच्या कायद्याखालील संक्षिप्त कार्यवाहीचा वापर करून सुनेचा हा हक्क बुडवता येणार नाही, असे ठरवले. दुसऱ्या प्रकरणात झटपट प्रक्रियेचा फटका बसणारी व्यक्ती स्त्रीच होती. सुनावणी कमी करण्याची सवय एकदा व्यवस्थेला लागली की ती नेहमी दुर्बलाच्याच बाजूने वापरली जाईल असे नसते. म्हणून सुनावणीचे रक्षण हे स्त्रियांच्या दीर्घकालीन हिताचेही आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 नुसार प्रत्येक स्त्रीला, ती अर्जदार असो वा सामनेवाली, उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. गरीब पुरुष सामनेवाल्यालाही उत्पन्नाच्या मर्यादेत तो मिळू शकतो, आणि नोटिशीसोबत ही माहिती स्पष्टपणे दिली गेली तर ‘संधी’ या शब्दाला अर्थ येईल.

या भूमिकेवर दोन दिशांनी आक्षेप येतात. पहिला असा की मारणाऱ्याला आणि मार खाणाऱ्याला एकाच आसनावर बसवून दोघांचे ऐकणे हीच विषमता आहे. या आक्षेपात वेदना खरी आहे, आणि म्हणूनच बंद दाराआड चालणारी कार्यवाही, साक्ष देताना समोरासमोर न बसवण्याची काळजी आणि कल्याणतज्ज्ञाची मदत या गोष्टी आवश्यक आहेत. परंतु हिंसा करणाऱ्याला ऐकणे म्हणजे त्याला मान देणे नव्हे. आदामाच्या कथेतल्याप्रमाणे ते त्याला जबाबदार धरणे असते. ज्याला कधी विचारलेच गेले नाही, तो आपल्यावरील बंधनाला केवळ बळाची कृती समजतो आणि आपल्या कृत्याचा जबाब देण्यातून सुटतो. दुसरा आक्षेप असा की खोट्या तक्रारींच्या भीतीमुळे एकतर्फी आदेश मुळातच देऊ नयेत. ही भीती प्रत्येक न्यायालयीन उपायाला लागू आहे, आणि तिचे योग्य उत्तर पहिल्या संरक्षणाचे दार अरुंद करणे हे नसून दुसऱ्या पायरीवरची सुनावणी लवकर आणि खरी करणे हे आहे. खोटेपणा उघड होण्याचा सर्वांत खात्रीचा मार्ग म्हणजे नेमका तपशील मागणारा अर्ज, वेळेत आलेले उत्तर आणि प्रामाणिक उलटतपासणी. आणि खरेपणा टिकण्याचा मार्गही तोच आहे.

या सर्व विवेचनातून निघणारा निष्कर्ष व्यवहाराच्या पातळीवर अगदी नेमका आहे. संकटात आधी संरक्षण द्यावे, पण त्याच आदेशात पुढची जवळची तारीख असावी. आदेशाने जे काढून घेतले जाते त्याच्या प्रमाणात सुनावणी अधिक भक्कम व्हावी. नोटीस खरोखर पोहोचावी, अर्जात तारखा आणि तपशील असावेत, उत्तराला संधी मिळावी पण टाळाटाळीला मिळू नये. यातील कोणतीही गोष्ट न्यायदंडाधिकाऱ्याच्या आजच्या अधिकाराबाहेरची नाही. हवे आहेत ते पुरेसे संरक्षण अधिकारी, वेळ देऊ शकणारी न्यायालये, आणि स्त्रीला वाचवणे व दुसऱ्याला ऐकणे ही एकाच कर्तव्याची दोन अंगे आहेत हा विश्वास. ज्या समाजाने पत्नीचे म्हणणे ऐकण्यायोग्यच मानले नव्हते, त्या समाजाला तिचे ऐकताना दुसऱ्याला न ऐकण्याची सवय लावून घेता येणार नाही. कारण न ऐकण्याची हीच सवय तिच्यावरील अन्यायाचे मूळ होती.